शकूचं निरांजन

विमलस्वामींच्या दवाखान्यात ज्यानं एक दिवस जरी खाटेवर काढला असेल, त्याला शकू ठाऊक आहे. डॉक्टरांचं नाव लोक विसरतात, गोळ्यांचं तर कुणाच्याच लक्षात राहत नाही. पण संध्याकाळी मठातली घंटा थांबली की आयाची निळी साडी नेसलेली, खांदे ताठ, हातात पेटत्या निरांजनाचं ताट घेतलेली ती उंच बाई दारातून आत यायची, तिला कुणी विसरत नाही. रंगमंचावर प्रवेश कसा घ्यावा हे तिला कुणी शिकवलं नव्हतं. उंबऱ्यावर ती क्षणभर थांबायची. सगळ्यांनी बघितलं याची खात्री झाली की मगच पुढचं पाऊल.

कशेळ्याच्या अलीकडे, रस्त्याला लागून मठ आहे. त्याच्यामागच्या धर्मशाळेत हा दवाखाना सुरू झाला. कर्जतहून डॉक्टर गोपाळकृष्ण स्कूटरवर यायचे. खाटा भक्तांनी आणून दिलेल्या, एकीसारखी दुसरी नाही. डोंगरातल्या वाड्यांवरून माणसं जीपला लोंबकळत यायची. कुणाला पान लागलेलं, म्हणजे साप चावलेला, कुणी तापानं फणफणलेलं, कुणाची बाई अडलेली. ज्याला उठून देवापर्यंत जाता येत नाही, त्याच्याकडे देवानं जावं, असं स्वामी म्हणायचे. म्हणून मठातली आरती झाली की ताट तिथं ठेवायचं नाही. ते तसंच खाटाखाटांवरून फिरायचं. फरशी पुसायला लागलेली, नवी लग्न होऊन आलेली शकू एकदा समोर उभी होती आणि त्या दिवशी पुजाऱ्याची कंबर धरल्यानं त्याला वाकता येत नव्हतं. ताट तिच्या हातात आलं. ते तिनं परत दिलंच नाही.

ती नुसतं ताट फिरवत नसे. ज्याचे हात प्लास्टरमध्ये, त्याच्यासाठी आपला तळवा ज्योतीवर धरून ती त्याच्या गालाला लावायची. कुणी मोबाइलमध्ये बघत एक हात पुढं केला तर म्हणायची, "दोन्ही हातांनी घे रं, रेशन वाटत नाय मी."

मग दवाखाना वाढला. एक्स-रे आला, ऑपरेशनची खोली झाली, बाळंतिणींची वेगळी. मुंबई-पुण्याच्या भक्तांनी मनावर घेतलं आणि धर्मशाळेशेजारी तीन मजल्यांची इमारत उभी राहिली. त्या वर्षी शकूचा रुबाब बघण्यासारखा होता. कशेळ्याच्या बाजारात भाजीवालीला ती सांगायची की आमी तिसरा मजला चढवतोय, जसं काही तिच्याच घराचं काम काढलंय. गिलावा ओला असताना ती आत फिरून आली. लिफ्टनं ताट घेऊन सगळ्यात वर जायचं आणि एकेक मजला उतरत खाली यायचं, हा तिचा बेत पक्का झाला.

इमारत सुरू व्हायच्या आधी व्यवस्थापक शौनक सरांनी सगळ्यांना बोलावलं. नव्या इमारतीत भिंतींतून ऑक्सिजनच्या नळ्या फिरवल्या आहेत, तिथं उदबत्तीसुद्धा चालणार नाही, असं त्यांनी समजावलं. तिकडे फुलांचं ताट फिरेल. आणि ते फिरवेल ऋजुता, कारण ती केसपेपरच्या खिडकीवर बसते आणि गाणं शिकलेली आहे.

"जुनी इमारत तुमचीच आहे, मावशी," सर म्हणाले. लहान मुलाला रिकामा डबा खेळायला द्यावा तसं.

जुनी इमारत रोज थोडी रिकामी होत होती. पेशंट नवीकडे हलत होते. शेवटी शकूकडे उरले डोळ्यांच्या शिबिराचे म्हातारे. त्यांच्या डोळ्यांवर पट्ट्या, समोरची ज्योत त्यांना दिसायची नाही.

ऋजुता डॉक्टर गोपाळकृष्णांची पुतणी. तिचा गळा खरंच गोड होता आणि शकूला तो जिना ओलांडून, व्हरांडा ओलांडून, थेट कानात ऐकू यायचा. शकूनं पाण्याच्या टाकीपाशी बाकीच्या आयांसमोर मत देऊन टाकलं की फुलांची आरती म्हणजे हळदीशिवायचं हळदीकुंकू. कुणी हसलं, कुणी मान हलवली, पण संध्याकाळी आपली कामं सोडून गाणं ऐकायला त्या सगळ्याच वर जायच्या.

नवरा पोपट कशेळे-कर्जत जीप चालवतो. एकदा जेवताना त्याच्या तोंडून निघून गेलं की प्रवासीसुद्धा त्या पोरीचंच बोलत असतात.

"तू ऐकलंस तिचं?" शकूनं विचारलं.

"पेशंट सोडायला गेलतो, तवा कानावर पडलं."

"कसं वाटलं?"

पोपट घाबरून भाताकडे बघत म्हणाला, "बरी गाते."

त्या जेवणात त्याला भात मिळाला आणि वरणही मिळालं, पण दोन्ही एका वेळी मिळालं नाही.

सगळ्यात जास्त सोसवत नव्हतं ते हे, की पोरगी चांगली होती. ताट कसं धरायचं हे विचारायला ती सुरुवातीलाच शकूकडे आली होती. शकूनं सांगितलं, डाव्या हातात. बिचारी डाव्या हातात धरून फिरली. पुजाऱ्यानं टोकल्यावर तिनं हसून हात बदलला आणि शकूला काही विचारलं नाही. रागावली असती तर शकूला त्या दिवशी झोप तरी लागली असती.

अशात शकूच्या माहेरची बायजाआत्या दवाखान्यात आली. दम लागत होता म्हणून नव्या इमारतीत, दुसऱ्या मजल्यावर, नाकाला ऑक्सिजनची नळी. शकू काम उरकून भेटायला गेली. इकडचं तिकडचं बोलून झाल्यावर आत्या म्हणाली, "काल ती पोर आली ताट घेऊन. गळा गोड हाय. पन शकू, हाताला ऊब नाय आली गं."

शकूला दुसरं काही नको होतं. इतके दिवस ती कुणाच्या तरी तोंडून हेच ऐकायला टपली होती.

संध्याकाळी मठातून ताट उचललं, ते जुन्या इमारतीकडे न वळता नव्या जिन्याकडे वळलं. लिफ्टपाशी वॉचमन असतो म्हणून जिना. ज्योतीवर एका हाताचा वाकवलेला तळवा, वर पदराचा आडोसा. ऋजुताचं गाणं पहिल्या मजल्यावर चाललं होतं; शकू त्याला मागं टाकून वर गेली. दारात सवयीनं क्षणभर थांबली. खोलीतल्या माना वळल्या. किती दिवसांनी.

आत्यानं दोन्ही हात पुढं केले. शकूनं ताट खाली आणलं. आत्याच्या नाकातली नळी आणि ज्योत यांच्यात वीतभर अंतर राहिलं असेल, तेवढ्यात मागं फुलांचं ताट आपटल्याचा आवाज झाला. जिन्यातून ज्योत वर जाताना बघून मागोमाग चढलेली ऋजुता धावत आली आणि उघड्या तळहातानं तिनं निरांजन दाबून विझवलं.

आत्याला वाटलं, हाही आरतीचाच भाग. तिनं ऋजुताचा हात धरून कपाळाला लावला.

सिस्टर आवाज ऐकून आली. ऋजुता म्हणाली, ताट निसटलं माझ्या हातातून. आणि खाली बसून एका हातानं फुलं गोळा करू लागली.

बाहेर व्हरांड्यात शकूनं विचारलं, "भाजलं?"

"थोडंसं. तुम्ही खाली जा, मावशी. मी कुणाला सांगणार नाही."

ती ओरडली असती, तर चाललं असतं. शकूच्या तोंडात उत्तरं तयार होती. पण हे? गळा तिचा, नवी इमारत तिची, आणि आता मोठं मनही तिचंच. उद्यापासून ती हाताला पट्टी बांधून फिरणार, कुणी विचारलं तर चहा सांडला म्हणणार, आणि ती किती थोर आहे हे साऱ्या दवाखान्यात एकट्या शकूलाच ठाऊक असणार. जन्मभर.

दुसऱ्या दिवशी शौनक सर यायच्या आधी शकू त्यांच्या केबिनच्या दाराशी उभी होती. ते बसायच्या आत तिनं सांगून टाकलं.

"पेटतं निरांजन मी वर नेलं. आत्याच्या नाकाला नळी होती."

सरांचा चेहरा उतरला. "ऋजुता काहीच बोलली नाही."

"ती नाय बोलनार. मनून तर मी आले."

अंथरूण पेटलं असतं, आजी जागच्या जागी गेली असती, सर सांगत होते. ते आवाज चढवत नव्हते. शकूला आदल्या संध्याकाळी फक्त वळलेल्या माना दिसल्या होत्या. आता पहिल्यांदा आत्याचा चेहरा दिसला, पुढं केलेले सुरकुतलेले हात दिसले. तरी तिनं रडून दाखवलं नाही.

दुपारी ट्रस्टचा निर्णय आला. ज्योत यापुढं फक्त मठाच्या गाभाऱ्यात. दोन्ही इमारतींत फुलांचं ताट, दोन्हीकडे ऋजुता. इतक्या वर्षांची सेवा म्हणून शकूला काढायचं नाही. तिनं ऋजुताच्या मागून प्रसाद वाटत चालावं.

"मागं नाय चालायची मी," शकू म्हणाली. "मला फरशीवर ठेवा."

घरी पोपटनं डोक्याला हात लावला. जिनं बघितलं तीच लपवत होती, तर तुला बोलायची काय गरज होती, असं त्याचं म्हणणं.

"तिचे उपकार घेऊन रोज तिचं गानं ऐकू?"

पोपटला हे कळलं नाही.

तिला नव्या इमारतीचा दुसरा मजला मिळाला. पहिल्याच संध्याकाळी मठातली घंटा थांबली, लिफ्टचं दार उघडलं. ऋजुता बाहेर आली; उजव्या हाताला पांढरी पट्टी, त्यावर तोललेलं ताट, ओठांवर आरती, मागं हात जोडलेले नातेवाईक. व्हरांड्याच्या मधोमध शकू पोछा आडवा धरून उभी होती.

"थांबा ताई. फरशी ओली हाय."

गाणं थांबलं. ऋजुता थांबली, नातेवाईक थांबले. प्रसादाचा डबा घेतलेली पोरगी मागून येऊन त्यांच्यावर आदळली. शकूनं फडकं बादलीत बुडवलं, सावकाश पिळलं आणि भिंतीलगतचा स्वच्छ कोपरा पुन्हा एकदा पुसून काढला.

आतून बायजाआत्याचा आवाज आला, आरती आली का गं म्हणून.

"येतीया," शकूनं वर न बघता सांगितलं. "जरा वाळू दे."