‘झालं’ म्हटल्यावर चालू राहिलेला कॅमेरा

एतियेन ‘झालं’ म्हणायचे आणि कॅमेरा बंद करायचे नाहीत. समोरचा माणूस हुश्श करून खांदे सैल सोडायचा, तेव्हा कुठे त्यांचं काम सुरू व्हायचं. “ठरवलेलं बोलून संपू दे,” ते म्हणायचे, “मग माणूस बोलतो.”

अमेरिकेतल्या बॉथेल गावात आमच्या शेजारच्या घरात हे ऐंशी ओलांडलेले फ्रेंच गृहस्थ एकटे राहत. तरुणपणी पॅरिसमध्ये त्यांनी दोन चित्रपट केले, ते गाजले. तिसऱ्यासाठी अमेरिकेतून बोलावणं आलं. इथल्या निर्मात्याने मात्र त्यांना न विचारता नायिकेचा शेवटचा संवाद बदलून दुसऱ्याच बाईच्या आवाजात घातला. का, तर प्रेक्षक उदास होऊन घरी जायला नकोत. एतियेननी पडद्यावरून स्वतःचं नाव काढायला लावलं. त्यानंतर कुणी काम देईना. उरलेली वर्षं त्यांनी एका कॉलेजात मुलांना कॅमेरा शिकवण्यात काढली. कुरकुर कधी केली नाही, पण तो चित्रपट घरात कधी लावलाही नाही.

गेल्या वर्षी माझी आई नाशिकहून सहा महिन्यांसाठी आली होती. कुंपणापलीकडून तिला मेथी निवडताना पाहून त्यांनी इतक्या वर्षांनी कॅमेरा बाहेर काढला. डॉक्टरांनी त्यांना तेव्हा जेमतेम वर्षाची मुदत दिली होती. “हा एक पुरा करायचाय. माझ्या नावाने,” ते मला म्हणाले. आईला इंग्रजी येत नव्हतं, त्यांना मराठी. तरी दोघांचं छान जमलं. आई त्यांना एतियेनभाऊ म्हणायची.

आई परत गेल्यावर इंग्रजी सबटायटल्स करायचं काम माझ्याकडे आलं. एका दृश्यात एतियेन हातानेच ‘झालं’ अशी खूण करतात. आई भाजी बाजूला सारते, आमच्या मागच्या अंगणाकडे बघते आणि म्हणते, “दिवसभर या घरात बोलायला कुणी नसतं हो, भाऊ. महेशला यातलं काही सांगू नका. त्याला वाटतं, मी मजेत आहे.”

महेश म्हणजे मी. मी खाली लिहिलं, ‘इथली झाडं किती उंच आहेत.’

एतियेननी ते दृश्य तीनदा पाहिलं. “हा चेहरा झाडांबद्दल बोलत नाहीये,” ते शांतपणे म्हणाले.

मी पुढचं दृश्य लावायला गेलो.

“माझ्या बाबतीत हे एकदा झालंय. त्या माणसाचा मला अजून राग येतो. तुझा येत नाही, तुझी आई आहे ती. पण हे असंच राहणार असेल, तर याही चित्रपटावर माझं नाव नको.”

मला भयंकर लाज वाटली. तिथेच बसून मी खरं वाक्य लिहिलं. त्यांनी ते वाचलं, माझ्या पाठीवर हात ठेवला आणि चित्रपटाच्या शेवटी स्वतःचं नाव टाइप केलं.

मार्चमध्ये ते गेले. अंत्यविधीहून आल्यावर मी आईला फोन केला. भाऊ गेले हे ऐकून ती रडली. मग मी म्हणालो, “आई, तू त्यांना जे सांगितलंस ना, ते मी ऐकलं.”



“त्यांना कळणार नाही म्हणूनच तर बोलले रे,” ती म्हणाली.

“त्यांना कळलं होतं, आई. मी खोटं सांगूनसुद्धा.”