काकांच्या चुकीच्या पाट्या

"थांबा, पाटी येऊ द्या!" पडद्यावर कोणी ओठ हलवले की काका हात वर करत. मूकपटातलं बोलणं मागाहून पाटीवर लिहून येतं. जर्मन पाटी मराठीत वाचून दाखवण्याचा मान त्यांचा.

इथे अमेरिकेत, वेस्ट विंडसरला, त्यांच्या बेसमेंटमध्ये रविवारी दुपारी आम्ही सात-आठ जण जमायचो. शंभर वर्षांपूर्वीचे विनोदी जर्मन सिनेमे. मिशीवाला बाप, हट्टी मुलगी, कपाटात लपलेला प्रियकर. खरं सांगायचं तर मी जायचो काकांच्या साबुदाणा वड्यांसाठी. काकू पुढे व्हीलचेअरवर असत. स्ट्रोकनंतर त्यांची वाचा गेली होती. त्यांना कितपत समजतं, हे डॉक्टरही ठामपणे सांगत नव्हते.

मी पुण्यात दोन वर्षं जर्मन शिकलोय. एकदा पडद्यावरची मुलगी म्हणाली, "चालते व्हा!" काकांनी वाचलं, "बसा, चहा टाकते." सगळे हसले. मी अतिशहाणा, नंतर भांडी विसळताना म्हटलं, "काका, ट्रान्सलेशन चुकलं हं."

त्यांनी नळ बंद केला. "मुद्दाम केलं रे. ही माझी जर्मनची टीचर. क्लासमध्ये मी मुद्दाम चुकायचो, म्हणजे ही टेबल वाजवून माझ्याकडे बघायची. तेवढ्यावर लग्न जमलं बघ." मग हळूच म्हणाले, "गेल्या महिन्यात मी चुकीचं वाचलं, तर हिने खुर्चीच्या हातावर दोनदा टकटक केलं. म्हणजे कळतंय ना रे तिला?"

मला खात्री नव्हती, पण "हो" म्हटलं.

त्यानंतर मी सिनेमे पाहिलेच नाहीत. काकूंचा हात बघत बसायचो. काका जास्तच चुकू लागले. बाप मुलीला घराबाहेर काढतोय आणि काका वाचतायत, "मांडव कुठे घालू या?" लोक पोट धरून हसायचे. मला त्यांचा राग यायचा. त्यांचा बिचाऱ्यांचा काय दोष?

एका रविवारी मुलगी प्रियकराला म्हणाली, "मी तुमचीच." काकांनी वाचलं, "मी तुम्हाला ओळखत नाही." सिनेमा थांबवून ते काकूंकडे बघत राहिले. काकू पडद्याकडे बघत होत्या. त्यांचा हात मांडीवर तसाच होता.

"काका, लॅपटॉप हँग झाला का?" मागून कोणीतरी विचारलं.

पुढच्या रविवारी आम्ही शेवटचे जमलो. नंतर काका काकूंना घेऊन कायमचे लेकीकडे, दूर अर्विंगला गेले. त्या शेवटच्या रविवारी त्यांनी पहिल्यापासून शेवटपर्यंत प्रत्येक पाटी अगदी बरोबर वाचली.