चार पायांना हळद

आता काय सांगू तुम्हाला, माझ्या हातून असा वेडेपणा झालाय, की आमच्या मरोळच्या जनावरांच्या डॉक्टरीणबाई अजून मला बघून तोंडावर रुमाल धरतात! हसा, तुम्हीही हसा. पण आधी चहा ओता.

आमचा ढब्बू, दहा वर्षांचा कुत्रा. मागे एकदा कुत्र्यांच्या पार्लरमध्ये नखं कापताना रक्त आलं, तेव्हापासून नेलकटर दिसला की स्वारी पलंगाखाली! नखं एवढी वाढली, की बिचारा लादीवर घसरायला लागला. गुंगीचं इंजेक्शन देऊन कापावीत, तर बाई म्हणाल्या, "हृदय नाजूक आहे हो याचं. मला भीती वाटते. घरीच हळूहळू सवय लावा."

झालं! पंधरा दिवस मी हात धुऊन मागे लागलो. पंजाला हात लावला, की सुक्या बोंबलाचा तुकडा. नेलकटर दाखवला, की तुकडा. नुसता हवेत वाजवला, तरी तुकडा! अख्ख्या मजल्यावर बोंबलाचा वास, शेजारी वैतागले, पण ढब्बू स्वतःहून पंजा पुढे करायला लागला. झकास ना?

रविवारी सकाळी बसलो. ढब्बू एकदम शांत. घाबरलो होतो तो मीच. डोळे मिटले आणि दाबलं... कट!

डोळे उघडतो, तर पंजावर रक्त!

"मनीषा, हळद आण! वाट लागली!"

बायको डबाच घेऊन धावली. मी पंजाला हळद चोपडली. बघतो तर दुसऱ्या पंजालाही रक्त! तो पुसला, तर मागच्या पायाला! अहो, एक नख कापलं आणि चारही पायांतून रक्त? मी रडायलाच लागलो.

"गेला गं माझा ढब्बू! मीच मारला त्याला!"

"अरे, शेपूट हलवतोय तो!"

"धक्का बसलाय गं त्याला!"

तसेच रिक्षात बसलो. ते चार पिवळे पाय बघून रिक्षावाला विचारतो, "शादी है क्या इसकी?" सांगा, ही काय वेळ आहे?

बाईंनी चारही पाय धुतले, एकेक नख तपासलं. जखम कुठेच नाही. मग माझ्याकडे वळल्या.

"तुमचा अंगठा दाखवा जरा."

माझा अंगठा कापला होता हो! आणि तेच रक्त मी ढब्बूच्या चारही पायांना पुसत सुटलो होतो. भीतीपायी मला कळलंच नाही. ढब्बूचं तर नखही शाबूत होतं!

खरं सांगतो, इतकं हायसं वाटलं, की तिथेच त्याच्या गळ्यात पडलो. बाईंनी तेवढ्यात त्याची सगळी नखं कापूनही टाकली, इंजेक्शनाशिवाय! पठ्ठ्या स्वतः एकेक पाय पुढे करत होता.

मग त्या माझ्या अंगठ्याला औषध लावायला आल्या. मी असा काही ओरडलो, की बाहेर नंबर लावून बसलेले लोक आपापली मांजरं घेऊन उभे राहिले.

बाई शांतपणे मनीषाला म्हणाल्या, "कुत्रा छान तयार झालाय. यांना मात्र पुढच्या वेळी मुसकं बांधूनच आणा."