दोन चौक्यांच्या मधे

कुवेतहून निघताना माझ्याकडे पासपोर्ट नव्हता. ज्यांच्या घरी मी स्वयंपाक करायचे, ते सगळे उन्हाळ्याच्या सुट्टीत परदेशी गेले होते. माझा पासपोर्ट मालकांच्या कपाटात होता की त्यांनी सोबत नेला होता, कोण जाणे. ते गेले आणि मागोमाग इराकचं सैन्य शहरात शिरलं. त्या मोठ्या घरात मी एकटी, आणि खाली रस्त्यावर रणगाडे.

कोल्हापुरात फाउंड्रीत यजमानांचा हात भाजला, म्हणून मी दोन वर्षांसाठी तिकडे गेले होते. मुलगी कोडोलीला सासूबाईंजवळ. मी निघाले तेव्हा ती नुकती भिंतीला धरून चालायला लागली होती. आता बोलत असेल, काय बोलत असेल, एवढंच माझ्या डोक्यात फिरायचं.

पावासाठी रांगेत उभी होते तेव्हा पुढून आवाज आला, "ओ पावणं, रांग हिकडनं हाय! मधीच कुठं घुसतायसा?" एक उंच माणूस एका मिसरी, म्हणजे इजिप्तच्या माणसावर ओरडत होता. त्या मिसऱ्याला काय कळणार? मला मात्र कळलं, आणि मी तिथंच रडायला लागले.

ते चंदगडचे होते. एका कंपनीत ट्रक चालवायचे. मी त्यांना दादा म्हणू लागले.

"कुठलं गाव, ताई?"

"कोल्हापूर."

"एकट्याच हायसा? मग आमच्या गाडीत नाव घालतो. रडायचं बंद करा, पाव मिळंना झालाय आन् तुमी डोळ्यांतनं पानी काढतायसा."

ज्यांच्याकडे पासपोर्ट नव्हता त्यांना आपल्या वकिलातीच्या लोकांकडून एका शाळेच्या पटांगणात कागद करून मिळत होते. टेबलामागचा माणूस हिंदीत भराभर विचारत होता. माझं नाव, गाव, जन्मतारीख सांगितली. मग त्याने विचारलं, "पति का नाम?"

मी यजमानांचं नाव कधीही तोंडाने घेतलेलं नव्हतं. गल्लीत पोस्टमनने विचारलं तरी शेजारीण सांगायची. मी खाली बघत राहिले. त्याने पुन्हा विचारलं. मागून लोक ढकलत होते. "अरे, इनके साथ कौन है?" तो ओरडला. मागे उभ्या दादांनी मोठ्याने स्वतःचं नाव सांगितलं. त्याने ते लिहिलं, शिक्का मारला आणि पुढच्याला बोलावलं.

काय लिहिलंय ते कळलं बगदादच्या पुढे, बसमध्ये. शेजारच्या केरळच्या नर्सने कागद वाचला आणि पुढे बसलेल्या दादांकडे बोट करून विचारलं, "वो आपके मिस्टर हैं?" मी कागद तिच्या हातातून ओढून दादांना दिला. दादांनी कागद उलटा-सुलटा करून पाहिला आणि हसायला लागले.

"माझ्या बायकूनं ऐकलं तर मला चंदगडात पाय ठिवू द्यायची न्हाय."

"दादा, हसू नका. हे दुरुस्त करून घ्यायला पाहिजे."

"आता कुठं? परत कुवेतला जाऊन? इंग्रजीत हाय की, कोन वाचतंय आपल्याकडं. गप बसा."

मी तो पदराच्या गाठीत बांधला. पण तिथे तो मला सारखा टोचायचा.

इराकची चौकी ओलांडली तेव्हा वाटलं, सुटलो. पण जॉर्डनची चौकी पुढे लांब होती, आणि मधल्या उघड्या माळावर माणसंच माणसं. तंबू थोडे, माणसं फार. जॉर्डनवाले सगळ्यांना एकदम घेत नव्हते. विमान मिळेपर्यंत थोडे दिवस राहायची परवानगी मागायची, ती मिळाली तर आत, नाहीतर इथेच वाळूत. आत कुणाला घ्यायचं याचीही तऱ्हा होती. बायका-मुलांची कुटुंबं आधी. एकटे पुरुष मागे, त्यांचा नंबर कधी येईल सांगता येत नव्हतं. आणि माझ्यासारख्या घरकामाच्या एकट्या बायका, पासपोर्ट नसलेल्या, त्यांना एका ताडपत्रीखाली वेगळं बसवलेलं. त्यांच्याकडे मालकाची चिठ्ठी मागत होते. पळून आलेल्या नाहीत कशावरून? मालक कुठे आहे हेच ज्यांना ठाऊक नाही, त्यांनी चिठ्ठी कुठून आणायची?

म्हणजे कागदावरच्या चुकीमुळेच मी आत जाऊ शकत होते. खरं सांगितलं तर त्या ताडपत्रीखाली. आणि दादाही माझ्याबरोबर मागे राहणार होते.

मला एका जागी बसवेना. टेबलापर्यंत जायचे, परत यायचे. अजूनही तसंच आहे. राजारामपुरीत डॉक्टरांकडे नंबर लावला तरी मी दहादा उठून आत डोकावते, कंपाउंडर वैतागतो. तिथे तर विचारणारा कोण, काय विचारेल, काही माहीत नव्हतं. नवरा म्हणून दादांचं नाव घ्यायचं, हे मनात म्हणून बघितलं तरी तोंड कडू व्हायचं. दादा म्हणायचे, "बसा की जरा. तुमच्या येरझाऱ्यांनी वाळू झिजंल."

पाण्याचा टँकर आला. दादा डबा घेऊन तिकडे धावले. आणि तेवढ्यात टेबलाजवळ हाक सुरू झाली, आमच्या बसमधल्या कुटुंबांची. पासपोर्टवर आधीच शिक्का मिळालेल्या नर्सने मला पुढे ढकललं.

टेबलामागे जॉर्डनचा अधिकारी होता. शेजारी दुभाषा, हैदराबादचा, तोही आमच्यासारखाच कुवेतहून आलेला, अरबी येत होती म्हणून बसवलेला. त्याने कागद हातात घेतला.

"शौहर का नाम बोलो."

मी नाव सांगितलं. दादांचं. स्पष्ट, सगळं, आडनावासकट. जीभ अडखळली नाही, मान खाली गेली नाही. एखाद्या दुकानाचं नाव सांगावं तसं आलं ते तोंडातून. माझं मलाच नवल वाटलं आणि मग एकदम भीती वाटली. आपल्याकडची कुणी बाई तिथे असती तर तिने तेवढ्यावरूनच ओळखलं असतं की हा हिचा नवरा नव्हे.

"कहाँ है वो?"

"पाणी आणायला गेलेत."

दुभाष्याने अधिकाऱ्याला सांगितलं. अधिकारी हात झटकून काहीतरी बोलला आणि माझा कागद बाजूच्या गठ्ठ्यावर ठेवू लागला.

"दोनों साथ में चाहिए बोल रहे. अभी बुलाओ, नहीं तो दूसरी फॅमिली लेंगे."

टँकरभोवती दोन-तीनशे माणसं तरी असतील. मी घरात कधी कुणाला मोठ्याने हाक मारली नव्हती. मी टेबलाकडे पाठ केली आणि दादांच्या नावाने ओरडले. कुणी वळलं नाही. पुन्हा ओरडले. घसा फाटला, डोक्यावरचा पदर खाली आला, तो मी सावरलासुद्धा नाही. तिसऱ्यांदा ओरडले तेव्हा डबा हवेत उंच झाला आणि गर्दीतून उत्तर आलं,

"आलो, आलो की ताई! किती बोंबलायचं ते!"

ताई. मी डोळे मिटून घेतले.

दुभाषा हैदराबादचा असला तरी कुवेतात मुंबईकरांबरोबर राहिलेला असणार; 'ताई' त्याला कळलं. त्याने माझ्याकडे बघितलं, मग धापा टाकत आलेल्या, अर्धं पाणी अंगावर सांडलेल्या दादांकडे. त्याच्या मिशीखाली हसू आलं. अधिकाऱ्याने ते पाहिलं आणि त्याला काहीतरी विचारलं. मी टेबलाची कड घट्ट धरून ठेवली. दुभाषा अरबीत बोलला, बराच वेळ बोलला. अधिकारीही हसला. त्याने दोघांच्या कागदांवर शिक्के मारले आणि थोड्या दिवसांच्या मुक्कामाची एकेक चिठ्ठी दिली.

चिठ्ठी देताना दुभाषा हळूच म्हणाला, "जाओ. और उधर जाके जरा संभाल के पुकारना."

बसमध्ये मी दादांना विचारलं, "तो काय बोलला?" त्यांना थोडीफार अरबी येत होती.

"म्हनला, ही बाई आजपतूर नवऱ्यावर कवा ओरडली न्हवती. आज ओरडली, म्हनून बिचारा घाबरून भलतंच बोलला."

नर्स हसली. दादा हसले आणि पुढे ड्रायव्हरजवळ जाऊन बसले. मला हसू आलं नाही. काच सरकवून मी मागे बघत होते. चौकी लहान होत गेली, मग दिसेनाशी झाली, तरी कुणीतरी जीप घेऊन मागून येईल असं वाटत राहिलं. ती ताडपत्री मात्र बराच वेळ डोळ्यांपुढून हलली नाही.

बस एकाएकी थांबली. मी चिठ्ठी मुठीत धरली. पण कुणी आलं नव्हतं. रस्त्याकडेला गावातले लोक मोठ्या पातेल्यातून चहा आणि रोट्या देत होते. सगळे उतरले. दादा खिडकीखाली येऊन म्हणाले, "उतरा की. चा गरम हाय."

"इथेच द्या."

"आता कोन इचारतंय तुमाला?"

"इथेच द्या, दादा."

त्यांनी पेला खिडकीतून वर दिला. एका हातात चिठ्ठी होती, ती मी सोडली नाही. दुसऱ्या हाताने चहा घेतला आणि सगळे परत चढेपर्यंत बस कधी सुटते म्हणून ड्रायव्हरच्या रिकाम्या जागेकडे बघत बसले.