कॉलिनला मिळालेला वन्स मोअर

कॉलिन गेल्याची बातमी फोनवरून आली. शुक्रवार, इथे कुवेतमध्ये सुट्टीचा दिवस. घरात मी, माझी बायको सुमन आणि जेवायला आलेले आमचे मित्र हमीदभाई एवढेच होतो. फोन इंग्लंडहून, त्याच्या बहिणीचा. सुमन नर्स आहे, अशा बातम्या घ्यायची आणि द्यायची तिला सवय. तिने "कधी?" आणि "फार त्रास झाला का?" एवढंच विचारलं, फोन ठेवला आणि आमच्याकडे न बघता म्हणाली, "कॉलिन गेला. फुप्फुसाचंच." हमीदभाईंनी हातातला घास परत ताटात ठेवला. याला आता दीड महिना होऊन गेला. इकडच्या वर्तमानपत्रांत त्याच्यावर काही येणार नाही, तिकडेही फार आलं नसावं. म्हणून मला जे ठाऊक आहे तेवढं लिहितो. मी हिशेबनीस माणूस, ठाऊक नाही ते लिहिणार नाही.

सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात तो इथे कुवेतच्या खैतान भागात आमच्या वरच्या मजल्यावर राहायला आला. एका तंत्रशाळेत इंग्रजी शिकवायची नोकरी होती. उंच, किडकिडीत, उन्हाने कायम लाल झालेला. संध्याकाळी वरून गिटार ऐकू यायची आणि तिच्याबरोबर कोणीतरी स्वतःशीच बोलतंय असा आवाज. ते त्याचं गाणं होतं हे कळायला मला वेळ लागला. लंडनमध्ये त्याची एक रेकॉर्ड निघाली होती, ती चालली नाही, कंपनीने पुढची काढली नाही आणि तो इकडे आला. प्रेमबिम त्याच्या गाण्यांत नसायचं. पाण्याचा टँकर, बंद पडलेली लिफ्ट, घरमालकाचा निरोप अशा गोष्टींवर तो गाणी करायचा. हमीदभाई मूळचे रत्नागिरीचे, फहाहीलला त्यांचं कॅसेटचं दुकान. कुठलं गाणं किती खपेल हे त्यांना दोन ओळींत कळतं. ते पहिल्यांदा ऐकून मला म्हणाले, "पाटणकर, ह्याला चाल सापडलीच नाय. हा गातोय कुठे, तक्रार नोंदवतोय!" मी ते कॉलिनला चहा देताना जसंच्या तसं सांगितलं. तो खूप हसला. "लंडनचा कंपनीवाला हेच म्हणाला होता," तो म्हणाला, "पण चहा न देता."

त्याचा शाळेशी असलेला करार संपत आला, तेव्हा इंग्लंडातल्या एका अगदी लहान कंपनीने त्याच्याकडे नव्या गाण्यांची टेप मागितली. पाठवली आणि त्यांना आवडली, तर नोकरी सोडून परत जायचं. नाहीतर करार वाढवून घ्यायचा. मी त्याला करार वाढवून घ्यायला सांगितलं. बिनकराचा पगार, राहायला जागा... आजही मला तो सल्ला चुकीचा वाटत नाही. पण त्याची अडचण पगाराची नव्हती. लोकांसमोर किंवा रेकॉर्डिंगच्या यंत्रासमोर गायला बसलं की त्याचा गळाच बंद व्हायचा. जिन्यात आमच्यासाठी गाणारा माणूस कोणी तिसरा आला की गिटार पाठीमागे लपवायचा.

सुमनच्या हॉस्पिटलमधले एक मराठी डॉक्टर रुमैथियाला राहायचे. त्यांच्याकडे शुक्रवारी दुपारी गाण्याची बैठक असे. सुमनने कॉलिनला तिथे जवळजवळ ओढतच नेलं. खिचडी झाली, दोन नाट्यपदं झाली, मग त्याला बसवलं. त्याने नवीन गाणं घेतलं, परदेशी फोन लावायच्या ऑफिसातल्या रांगेचं. बूथमधली माणसं घरच्यांशी बोलतात, त्यातलं आपल्याला इकडचंच बोलणं ऐकू येतं, एवढंच ते गाणं. ऐकू येतंय का... पैसे मिळाले का... बाळाला फोन दे, रडलं तरी चालेल. त्या खोलीतला प्रत्येक जण त्या रांगेत उभा राहिलेला होता. बाळाच्या त्या ओळीला डॉक्टर मोठ्याने ओरडले, "वन्स मोअर!"

कॉलिन थांबला. चेहरा उतरला. "सॉरी," म्हणाला आणि पहिल्या ओळीपासून पुन्हा सुरू केलं, या वेळी अगदी हळू, एकेक शब्द जपून. पुन्हा त्याच ओळीला दोन-तीन आवाज एकदम, "वन्स मोअर!" तो बिचारा पुन्हा पहिल्यापासून. तिसऱ्यांदा गाणं पूर्ण झालं तेव्हा टाळ्या थांबेनात, आणि हा गिटार पिशवीत भरून दाराशी.

परतताना गाडीत त्याने गिटारची पिशवी मांडीवर घेतली. मग म्हणाला, "मिस्टर पाटणकर, खरं सांगा. मी नेमकं काय चुकत होतो?"

"चुकत होतास?"

"तीनदा म्हणायला लावलं त्यांनी."

मला आधी कळेचना. सुमनला कळलं. मागच्या सीटवरून ती म्हणाली, "अरे वेड्या, आमच्यात चुकणाऱ्याला कोणी वन्स मोअर देत नाही. चुकलं की लोक चहाला उठतात. तू गात असताना कोणी उठलं का?"

त्याने आठवून पाहिलं. "नाही." मग त्याने सांगितलं. लंडनच्या स्टुडिओत काचेपलीकडचा माणूस प्रत्येक वेळी हेच दोन शब्द म्हणायचा. दिवसभर. शेवटी त्याला स्वतःचा आवाज नकोसा झाला. इतकी वर्षं ते शब्द त्याच्या कानात तसेच होते... घर येईपर्यंत त्याने आम्हाला पुनःपुन्हा विचारलं, "म्हणजे आवडलं म्हणून? नक्की?"

पुढच्या आठवड्यात तोच म्हणाला, टेप करू या. हमीदभाईंनी दुकानातलं चांगलं यंत्र आणलं आणि आमची बैठकीची खोली घेतली. बाहेर धूळ, म्हणून खिडक्या बंद. खिडकीतला एसी घरघरायचा, म्हणून तोही बंद. ऐन उन्हाळा. रांगेचं गाणं संपेपर्यंत चौघेही घामाने निथळत होतो. हमीदभाईंनी अंगठा वर केला, मी एसीकडे हात नेला, आणि सुमन म्हणाली, "वन्स मोअर."

"वहिनी, मारता काय आम्हाला?" हमीदभाई म्हणाले.

पण कॉलिनने डोळे मिटून सुरुवात केलीही होती. दुसऱ्यांदा गायलेलं ते गाणं पहिल्यासारखं नव्हतं. त्यात तो कोणाला तरी खरोखर ऐकू येतंय का विचारत होता. शेवटचा सूर विरतो न विरतो तोच मी एसी लावला, आणि तो आवाज टेपवर आला. हमीदभाई माझ्यावर चिडले. कॉलिन म्हणाला, "राहू दे. ते इथलं आहे."

टेप इंग्लंडला गेली, त्यांना आवडली आणि कॉलिनही तिकडे परतला. पुढच्या काळात त्याच्या तीन रेकॉर्डी निघाल्या. एकही गाजली नाही, हेही लिहिलं पाहिजे. लहान सभागृहांत, दारूच्या गुत्त्यांच्या माडीवर तो गायचा, मधल्या दिवसांत शिकवण्या करायचा, भागवायचा. एकदा आम्ही तिकडे गेलो, तेव्हा त्याचं गाणं ऐकलं. माणसं थोडी, टाळ्या सभ्य. सुमनने मला विचारलं, "ओरडू का?" मी म्हटलं, "इथे नको, बरं दिसत नाही." ती ओरडलीच. सगळ्यांनी वळून पाहिलं. कॉलिन माईकवर म्हणाला, "घाबरू नका. या बाई कुवेतहून आल्यात, गाण्यातलं यांना कळतं," आणि ते कडवं परत गायला. त्या दिवशी तो फार खूश होता. खोकत होता, पण खूश होता.

गेल्या शुक्रवारी हमीदभाई आले तेव्हा आम्ही त्या टेपवरून निघालेली त्याची रेकॉर्ड लावली. ती ऐकताना आमच्याकडे एसी बंद करायची पद्धतच आहे. त्याच खोलीत, बंद खिडक्यांत तिघे बसलो. रांगेतली माणसं बोलली, बाळाला फोनवर बोलावलं, शेवटचा सूर विरला आणि रेकॉर्डवर आमचा एसी सुरू झाला. हमीदभाईंनी रुमालाने मान पुसली, सवयीने खिडकीकडे पाहिलं. खिडकीतला बंदच होता. लावायला कोणी उठलं नाही.