न पेटवलेलं निरांजन

काल भाऊबीजेला निरांजनात तूप घातलं आणि त्या वासासरशी मी मनाने कित्येक वर्षांपूर्वीच्या, मुलांच्या निरीक्षणगृहात जाऊन उभी राहिले. मोटारसायकल चोरल्याच्या आरोपावरून दादाला तिथे ठेवलं होतं. खडकीहून आई आणि मी ताट घेऊन गेलो होतो.

दारावरच्या शिपायाने काडेपेटी काढून घेतली. "जाळ चालत नाही. तसंच ओवाळा."

मी कुंकू लावायला हात उचलला, तोच दादाने दोन्ही हातांनी डोकं झाकून घेतलं.

"लाजतोय बघ," आई हसली. मीही हसले. तेव्हा मला खरंच तसं वाटलं.

आता दादाचे केस पिकलेत, निरांजन पेटलेलं असतं. तरी कालही त्याने आधी माझ्या हाताकडे पाहिलं, मगच कपाळ पुढे केलं.