मिरजेला न पोचलेला निरोप

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. आईला नाही, माझा प्रबंध तपासणाऱ्या मॅडमना तर नाहीच. तुम्हाला का सांगतेय, तेही नीट कळत नाही — कदाचित तुम्ही मला ओळखत नाही म्हणून.

मी सांगलीत एम.ए. करत होते. विषय होता रशिया आणि चीन यांचे बिघडलेले संबंध. शाळा इंग्रजी माध्यमाची, त्यामुळे मॉस्को-पेकिंगबद्दल इंग्रजीत पानंच्या पानं लिहायला मला काही वाटत नाही. पण कुणाच्या घरात जाऊन मराठीत चार प्रश्न विचारायचे म्हटलं की शब्द सापडत नाहीत. मॅडम म्हणाल्या, त्या भांडणाची झळ आपल्या भागातल्या कुणाला बसली ते शोध, त्यावर एक प्रकरण लिही.

शिराळ्याजवळच्या गावात माझी आत्या राहते. तिच्या शेजारचे म्हादूअण्णा, आता ऐंशीच्या पुढचे, तरुणपणी लाल बावट्याचे, म्हणजे कम्युनिस्ट पक्षाचे, कार्यकर्ते. गावातले दस्तगीर शिंपी त्यांचे जिवाभावाचे मित्र. दोघांनी मिळून एक रेडिओ घेतला होता. तो दस्तगीर यांच्या दुकानात असायचा. त्यावर मॉस्को लागायचं, पेकिंगही लागायचं. मग त्या दोन देशांचं फाटलं, इथल्या पक्षातही दोन तट पडले. अण्णा रशियाच्या बाजूला, दस्तगीर चीनच्या. अण्णांनी रेडिओ घरी नेला, दस्तगीरनी त्याची बॅटरी स्वतःकडे काढून ठेवली.

"मग काय, दोघंबी बहिरं," अण्णा म्हणाले आणि हसले. मीही हसले.

नंतर जे सांगितलं ते माझ्याकडे न बघता. चीनशी युद्ध होऊन गेलं होतं. भर सभेत अण्णांनी दस्तगीरना 'चीनचा माणूस' म्हटलं. आठवड्याभरात पोलीस आले. दस्तगीर काही महिने तुरुंगात होते. सुटल्यावर ते गावात परतलेच नाहीत, मिरजेत शिलाईचं दुकान टाकलं.

मी मिरजेलाही जाणार आहे हे अण्णांना माहीत होतं. त्यांनी निरोप दिला. फोनवर रेकॉर्डिंग चालू होतं, म्हणून शब्द त्यांचेच आहेत. "त्याला म्हणावं, म्हादूचं चुकलं. रशिया-चीनचं बी मिटलं की कवाच. ती एकमेकांकडं गेली तरी, आमी बसलो वाट बघत. ये म्हणला तर नातवाच्या गाडीवर बसून येतो म्हणावं."

मिरजेत दस्तगीरचाचांनी दोन तास दिले. सगळं सांगितलं, तुरुंगातलंसुद्धा, कुणावर चिडल्यासारखं नाही. मी निघाले. सून दारात उभी होती. चाचा चष्मा पुसत होते. पुसता पुसता म्हणाले, "म्हाद्या काय बोलला का गं माझ्याबद्दल?"

मी म्हणाले, "नाही. तसं खास काही नाही."

का म्हणाले?

शिराळ्याहून येताना एसटीत मला एक वाक्य सुचलं होतं, प्रकरणाच्या शेवटासाठी — देशांचं जुळलं, पण या दोघांचं कधीच नाही. ते मला फार आवडलं होतं. ते वाक्य खोटं ठरू नये म्हणून मी गप्प बसले का? की सून ऐकत होती म्हणून? की एवढी जड गोष्ट मराठीत कशी सांगायची ते मला सुचेना? की म्हातारा माणूस समोर रडला तर मी काय करू, याची भीती? एक कारण पक्कं करावं, तर दुसरंच खरं वाटायला लागतं. दोन देशांचे संबंध का सुधारले, याची सहा कारणं मी परीक्षेत लिहू शकते. याचं एक सापडत नाही.

आणि मिरज काही लांब नव्हती. दुसऱ्या दिवशी जाता आलं असतं. फोन करता आला असता. मी अण्णांची मुलाखत उतरवून काढली आणि निरोपाच्या चार ओळी तेवढ्या सोडून दिल्या. मॅडमना प्रकरणाचा शेवट आवडला, त्याखाली त्यांनी रेघ मारली.

पुढच्या भेटीत अण्णांनी विचारलं. मी म्हणाले, "सांगितलं. ते ऐकून गप्प बसले." म्हणजे बघा — एका माणसाशी खोटं बोलले, ते टिकवायला दुसऱ्याशी.

गेल्या थंडीत दस्तगीरचाचा गेले. आत्याकडून कळलं. मी अण्णांकडे गेले, का गेले कोण जाणे. ते ओट्यावर बसले होते. म्हणाले, "बराबर हाय त्याचं. त्याच्या जागी मी असतो तर मीबी ये म्हणलो नसतो."

तेव्हा तरी बोलायला हवं होतं. चाचांनी त्यांना नाकारलं नव्हतं, त्यांना विचारलंच गेलं नव्हतं — एवढंच सांगायचं होतं.

अण्णांनी पुन्हा विचारलं, "पण पोरी, त्यानं ऐकलं तर व्हतं न्हवं समदं? चुकलं म्हणलो ते?"

"हो," मी म्हणाले. "सगळं ऐकलं."